माइकवर आलेली परतणी

आमच्या घाटावर एखादी बाई अचानक धुण्याची मोगरी जोरजोरात आपटायला लागली आणि तिचं बघून बाकीच्याही तशाच बडवायला लागल्या, की समजायचं, परतणी लागली आहे आणि कोणाचं तरी काहीतरी निघालं आहे. एरवी कपडे कितीही मळके असले तरी एवढ्या जोरानं कोणी बडवत नाही.

माझं गाव वैनगंगेच्या काठाला आहे, भंडाऱ्याच्या पलीकडच्या अंगाला. गावाखाली नदी वळते तिथं डोह आहे. वारा पडलेल्या दुपारी त्या डोहातून आधी एक घुमणं ऐकू येतं, पाणी भरायच्या पितळी गुंडाच्या काठावरून ओलं बोट फिरवावं तसं. मग तिथं कधीतरी कोणी बोललेलं बोलणं परत येतं, ज्याचं त्याच्या आवाजात. तेवढा वेळ तिथलं बाकी सगळं थांबून राहतं. पाणी वाहायचं थांबतं, उडालेला बगळा हवेतच राहतो, शाळेतल्या घड्याळाचा काटा हलत नाही. माणूस आणि माणसाच्या हातात असेल ते, एवढंच चालू राहतं. बोलणं संपलं की नदी पुन्हा वाहू लागते, जसं काही झालंच नाही. त्यामुळे शाळेतलं घड्याळ कायम मागं असतं. जवाहरनगरच्या कारखान्याची बस चुकलेली माणसं तिथल्या गेटवर "परतणी लागली होती साहेब" म्हणून सांगतात आणि साहेब ऐकून घेत नाहीत.

डोह सगळंच बोलणं ठेवत नाही. काय ठेवावं आणि कधी परत द्यावं याचा काही नेम नाही. बहुतेक वेळा साधंच असतं. कोणीतरी बैलांना हाकारतो, कोणी विचारतो होडी कुठं आहे. आमच्या शेजारच्या काकूंचा मुलगा लहानपणी तापानं गेला. त्याचं "माय, पाणी थंड हाय वो" एकदा परत आलं होतं, तेव्हापासून काकू धुणं नसलं तरी दुपारी घाटावर जाऊन बसतात. पण कधी कधी भांडणं निघतात, कधी कोणाचं रडणं. मग मोगऱ्या चालतात. ज्या बाईचं निघालं तिच्याकडे बघायचं नाही, आपापल्या दगडावर बडवत राहायचं. हे आम्हाला कोणी शिकवलं नाही. आया बडवायच्या म्हणून आम्ही बडवायला लागलो.

माझं लग्न लाखनीला झालं होतं. हायवेवर नवऱ्याचं ट्रकच्या टायरचं दुकान होतं. दिवसभर गाड्या थांबायच्या, तो हवा भरायचा, पंक्चर काढायचा, आणि रात्री जेवताना फारसं बोलायचा नाही. मला वाटायचं, दमला असेल. मग एक दिवस दुसरी बाई घरात आली. सासूनं सांगितलं, ही लांबची नात्यातली आहे, काही दिवस राहील. काही दिवसांनी सासूच मला म्हणाली, तू जराशी माहेरी जाऊन ये. नवऱ्यानं मला मोटारसायकलवर बसस्टँडवर सोडलं आणि म्हणाला, "पुढच्या हप्त्यात घ्यायले येतो." मी येताना दोनच साड्या घेतल्या होत्या.

तो आला नाही. गावात लोक विचारू लागले तेव्हा आईनं सांगून टाकलं, "आमच्या पोरीनंच सोडलं त्याले. तसल्या माणसासोबत नाही राहत म्हणे." तिनं हे पहिल्यांदा पिठाच्या गिरणीवर सांगितलं आणि मी तिच्या मागं डबा घेऊन उभी होते. बायांनी माझ्याकडे वळून पाहिलं. त्यांच्या नजरेत कीव नव्हती, थोडं कौतुकच होतं. मला ती नजर बरी वाटली. आईनं माझ्यासाठी उभं केलेलं ते छप्पर होतं, मी त्याखाली राहिले.

त्याच दिवसांत मी दुपारी डोहाकडे जायची. आमचं घर म्हणजे एक खोली आणि पडवी, तिथं फोनवर बोलायचं तर आईच्या कानावर पडणार. तेव्हा भर दुपारी घाटावर कोणी नसायचं, काकूंचं तिथं बसणं नंतरचं. डोहाशी बोललेलं राहू शकतं, हे मला माहीत नव्हतं असं नाही. पण तेव्हा मला पुढच्या वर्षाचं काही दिसत नव्हतं, पुढच्या हप्त्यापलीकडेच काही दिसत नव्हतं.

मग मी डबे करायला लागले. जवाहरनगरच्या क्वार्टरमध्ये एकटी राहणारी पुष्कळ मुलं असतात, नवीन लागलेली, कोणी बिहारची, कोणी नांदेडची. आमच्या गावातला ऑटोवाला तिकडे जायचाच, त्याच्या ऑटोत आधी दोन डबे ठेवले, मग पिशव्या भरून जायला लागल्या. बचत गटातल्या बाया हाताशी आल्या. एक भाजी चिरायची, एक वरण-भात बघायची, आणि मागल्या गल्लीतली एक वहिनी पोळ्या लाटायची. ती माझ्याहून मोठी, बोलायला अगदी कमी. तिच्या हातची पोळी तव्यावर टाकल्याबरोबर फुगायची. काही वर्षांत गटाची अध्यक्ष मी झाले. गावात मला कोणी "लाखनीची" म्हणेनासं झालं, "डब्यावाली ताई" म्हणायला लागले. शाळेतल्या मुलींना समजावायला मास्तर माझं उदाहरण द्यायचे. मी ऐकून घ्यायची आणि विषय बदलायची.

मागच्या थंडीत तालुक्याहून महिला मेळावा आमच्या गावाला आला. मेळावा घेणाऱ्या मॅडम नवीन होत्या, नागपूरकडच्या. त्यांना नदीकाठची आमराई फार आवडली. मांडव तिथंच घालायचा म्हणाल्या.

काकूंनी त्यांना सांगून पाहिलं. "मॅडम, मांडव अठी नोका घालू. दुपारी परतणी लागते."

"म्हणजे काय?"

"मांगचं बोलणं परत येते."

मॅडम हसल्या. "येऊ द्या की काकू, आम्हीपण ऐकू."

भाषण मला करायचं होतं. विषय मॅडमनीच दिला होता, स्त्री आणि स्वाभिमान. मी म्हटलं, मला डब्यांवर बोलता येईल, स्वाभिमानावर नको. त्या म्हणाल्या, "अहो, तुमचं आयुष्यच त्यावर आहे. जे झालं ते सांगा, झालं." आईला मात्र फार आनंद झाला होता. तिनं सणाचं लुगडं काढलं आणि जेवण आटोपताच जाऊन पहिल्या रांगेत खुर्ची धरली. पाहुण्यांच्या खुर्च्या आहेत म्हणून कोणी उठवायला आलं तर ती म्हणाली, "बोलणारी पोरगी माही हाय."

माइक हातात आला तेव्हा आधी अडखळले, पण डब्यांचं सांगायला लागले आणि सुटले. पहिल्या दिवशी वरण करपलं ते सांगितलं, बाया हसल्या. नांदेडचा एक मुलगा डब्यात चिठ्ठी टाकायचा, ठेचा पाठवा म्हणून, ते सांगितलं. साहेबलोकही हसले. मग मॅडमनी बसल्या जागेवरून खूण केली, म्हणजे आता ते दुसरं सांगा. समोर आई बसली होती, मान उंच करून. मी म्हटलं, "मी त्या घरातून..."

आणि घुमणं सुरू झालं.

आंब्याचं एक पान गळून खाली येत होतं, ते मॅडमच्या डोक्यावर हातभर अंतरावर थांबलं. मांडवाची झालर थांबली. गावातल्या बायांच्या माना खाली गेल्या. आणि डोहातून माझाच आवाज आला. मी ओळखला नाही आधी. इतका बारीक, इतका लाचार आवाज आपला असेल असं कसं वाटेल?

"ऐका ना. फोन ठेवू नोका. मी काही बोलणार नाही, काहीच नाही बोलणार. राहू द्या तिले. मी मांगच्या खोलीत राहीन. तुमच्या दोघांचा सैपाक करीन. ऐकून राहिले ना? दोघांचा सैपाक करीन, भांडे घाशीन, मले फक्त घेऊन जा. तिले मी ताई म्हणीन."

माणसाच्या हातातलं चालू राहतं म्हणून सांगितलं. माइक माझ्या हातात होता. डोहाकडून आलेला आवाज त्यानं पकडला आणि भोंग्याची पेटी धरून उभा असलेल्या पोऱ्याच्या खांद्यावरून तो आमराईभर पसरला. माइक बंद करायचं बटण कुठं असतं हे मला माहीत होतं, सकाळीच दाखवलं होतं. मी बोटं हलवू शकत होते. पण ती हलली नाहीत. मी माइक तोंडासमोर धरून तशीच उभी राहिले, आणि माझं तोंड बंद असताना माझा आवाज येत राहिला.

मोगऱ्या नव्हत्या. धुणं घेऊन मेळाव्याला कोण येईल? काकूंनी इकडे तिकडे पाहिलं आणि टाळ्या वाजवायला लागल्या. जोरात, मोगरी आपटावी तशा. मग त्यांच्या बाजूचीनं वाजवल्या, मग सगळ्या गावच्या बाया, माना खाली घालून, माझ्याकडे न बघता. त्यांचं बघून पाहुण्यांनी वाजवल्या. साहेबांनी वाजवल्या. "तिले मी ताई म्हणीन," असं माझा आवाज म्हणत होता आणि सगळा मांडव टाळ्या वाजवत होता. आई तेवढी वाजवत नव्हती. ती माझ्याकडे बघत होती.

पान मॅडमच्या डोक्यावर पडलं तेव्हा कळलं की संपलं. मी अर्धं राहिलेलं वाक्य पुरं केलं नाही. नमस्कार केला आणि माइक दिला. पुन्हा टाळ्या झाल्या. मॅडमनी माझे दोन्ही हात धरले.

"ती रेकॉर्ड केलेली क्लिप फार परिणामकारक होती हो! आवाज कोणाचा? अगदी अंगावर काटा आला."

मी म्हटलं, "गावातलीच आहे एक."

मला स्टीलचा डबा आणि शाल मिळाली. फोटोही काढला. तो फोटो मॅडमनी नंतर मोबाईलवर पाठवला, त्यात मी हसते आहे. इतकं चांगलं कसं हसले, मला समजत नाही.

घरी आले तर आई पडवीत बसली होती. लुगडं बदललं नव्हतं. मी शाल खुंटीला अडकवली, पाणी प्यायले, उगाच तांदूळ निवडायला घेतले. मग तिनं विचारलं.

"त्या दोघांचा सैपाक करीन म्हणली तू?"

"हो."

"तिले ताई म्हणीन म्हणली?"

"हो म्हटलं ना माय."

"मले काहून नाही सांगितलं?"

"काय सांगू? तू गावभर सांगून राहिली होती, पोरीनं सोडलं म्हणून."

मला वाटलं, आता ती रागावेल. मला तेच हवं होतं. ती रागावली असती तर मीही ओरडले असते आणि काहीतरी मोकळं झालं असतं. पण तिनं लुगड्याचा पदर हातात घेतला आणि त्याचा काठ चोळत बसली. मग म्हणाली, "माहं अजून निघालं नाही."

"काय?"

"मी बी गेली होती डोहावर. तुह्या सासूले फोन कराले. गल्लीतल्या एका पोराचा फोन मांगून नेला होता. तू तवा दळण आणाले गेली होती."

"काय म्हणली तू?"

ती सांगेना. दोनदा विचारलं, तिसऱ्यांदा विचारायची माझी हिंमत झाली नाही. तिच्या चेहऱ्यावर जे होतं ते मी त्याच दुपारी माझ्या चेहऱ्यावर घेऊन फिरत होते, ते ओळखायला मला आरसा लागत नव्हता. "निघन कधीतरी," ती म्हणाली, "तवा ऐकशील. मी मेल्यावर निघलं त बरं होईल."

आम्ही दोघी मग तांदूळ निवडत बसलो. खडे फार नव्हते, तरी बसलो.

त्यानंतरचे दिवस कसे गेले ते सांगताना आजही माझे कान तापतात. कोणी काही म्हणालं नाही. गावच्या बायांनी त्या दिवशी जसं माझ्याकडे पाहिलं नाही तसं पुढंही पाहिलं नाही, आणि ते फार जड जायचं. दुकानात गेले की बोलणं थांबायचं आणि लगेच कांद्याच्या भावावर सुरू व्हायचं. पानठेल्यावरची पोरं मात्र पोरंच. मी पुढं गेले की मागून बारीक आवाज काढून "ऐका ना, फोन ठेवू नोका" म्हणायची. मी वळून पाहिलं तर मोबाईल कानाला लावून उभी.

सगळ्यात वाईट म्हणजे डबे. जवाहरनगरच्या मुलांना यातलं काहीच माहीत नव्हतं. एका मुलाचं लग्न झालं, बायकोला घेऊन आला, त्यानं फोन केला, "ताई, उद्यापासून दोघांचा डबा पाठवा." साधा सरळ मुलगा. मी "हो" म्हटलं आणि फोन ठेवून मोरीत जाऊन तोंड धुतलं. दोघांचा स्वयंपाक तर मी करतच होते, दोघांचाच काय, कितीतरी जणांचा. तरी ते दोन शब्द कानावर पडले की वाटायचं, सगळ्यांना माहीत आहे.

मी पुष्कळ विचार केला की मला लाज कशाची वाटते. चोरी केली नव्हती. कोणाचं वाईट केलं नव्हतं. ज्यानं मला बसस्टँडवर उतरवलं त्याला लाज वाटायला हवी, हे मला कोणी सांगायची गरज नाही. तो तिकडे लाखनीला टायरमध्ये हवा भरत होता आणि त्याचा एक शब्द आमच्या डोहात नव्हता, कारण तो फोनच्या दुसऱ्या टोकाला होता. राहिला तो फक्त माझा आवाज. एवढं सगळं समजत असूनही लाज कमी झाली नाही. पोटात जाऊन बसली, तिला समजावून काही उपयोग नव्हता. मी गटाचं अध्यक्षपद सोडते म्हणून सांगितलं. काकू म्हणाल्या, "सोड. पण दुसरी कोण होणार ते तू सांग." कोणीच तयार नव्हतं, म्हणून नाव माझंच राहिलं. काही दिवस मी स्वयंपाक जवाहरनगरच्या बाजूला एखादी खोली घेऊन तिकडेच करावा अशा विचारात होते. खोली बघूनही आले. तिथल्या घरमालकिणीनं विचारलं, "किती जण राहणार?" आणि मला एकदम आईला त्या पडवीत एकटी, डोहाकडे कान लावून बसलेली दिसली. मी खोली घेतली नाही.

मग शिमग्याच्या आधीची गोष्ट. सकाळची घाई होती. भाजी चिरणारी त्या दिवशी आली नव्हती, म्हणून मी वांगी चिरत होते आणि वहिनी पोळ्या लाटत होती. घरात आम्ही दोघीच. आई धान्य वाळवायला अंगणात. वहिनी आमच्याकडे इतकी वर्षं येते, पण तिचं बोलणं म्हणजे "पीठ संपलं" आणि "तेल दे" एवढंच. तिनं लाटणं न थांबवता विचारलं.

"फोन ठेवल्यावर मंग काय केलं तू?"

मला आधी कळलंच नाही. "कोणता फोन?"

"तोच."

माझा हात थांबला. एवढ्या दिवसांत गावात कोणी त्या गोष्टीचं नाव काढलं नव्हतं, आणि हिनं काढलं ते असं, पोळी लाटता लाटता. मला उठून जावंसं वाटलं. पण तिच्या आवाजात ना कीव होती ना उत्सुकता. एखादी बाई रस्ता विचारते तसं तिनं विचारलं होतं, पुढं गेल्यावर वळायचं कुठं म्हणून.

मी आठवून पाहिलं. खरं सांगायचं तर त्या बोलण्याच्या पुढचं मी कधी आठवलंच नव्हतं. डोहानंही ते परत दिलं नव्हतं, कारण पुढं बोलणं नव्हतं.

"त्यानं फोन कापला," मी म्हटलं. "मी बसली तशीच दगडावर. रडायले येईल वाटलं, पण नाही आलं. मंग भूक लागली."

"भूक?"

"हो. खूप. घरी आली, मायनं पोपट-वालाच्या शेंगांची भाजी केली होती. भात-भाजी खाल्ली, पुन्हा घेतली. माय म्हणे, आज काय झालं तुले. मंग झोपली, संध्याकाळ होऊन गेली तरी उठली नाही."

"आन् दुसऱ्या दिवशी केला का फोन?"

"नाही. दुसऱ्या दिवशी नाही केला."

"काहून?"

"माहीत नाही वहिनी. सकाळी उठून पाहिलं त वाटलं, आज नको. मंग रोजच वाटलं, आज नको."

तिनं एक पोळी तव्यावर टाकली, ती फुगली, तिनं फडक्यानं दाबली. मग लाटणं बाजूला ठेवलं. तिचा नवरा गावातच असतो, चारचौघांत चांगला माणूस म्हणून ओळखला जातो. तिच्या दंडावर काळं-निळं दिसलं की ती धानाचं पोतं लागलं म्हणायची आणि आम्ही ते खरं धरायचो.

"मी उद्यापासून अठीच राहू का?" तिनं विचारलं. "थोडे दिवस. पोळ्या त करीनच."

दारात आई उभी होती. कधी आली कोण जाणे, हाताला धानाचा कोंडा लागलेला. ती माझ्याकडे न बघता आत आली, पाटावरची कणीक पुढं ओढली आणि उरलेल्या पोळ्या लाटायला बसली. "उद्यापासून कायले," ती वहिनीला म्हणाली. "डबे गेले का मी येतो तुह्यासंग. तुहे कपडे घेऊन येऊ."